तेरेझे गीझे : प्रौढ भूमिकांची मोठी नटी

विसाव्या शतकातील जर्मन रंगभूमीविषयी वाचताना नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्तच्या नावापाठोपाठ त्याची पत्नी आणि नटी हेलेने वायगेल हिचे नाव ओघानेच येते. त्याचे 'मदर करेज' हे नाटक म्हटले की त्यातील मुख्य भूमिकेत गाडी ओढणाऱ्या वायगेलचे छायाचित्र डोळ्यांपुढे उभे राहते, आणि ते स्वाभाविकही आहे. पण ही भूमिका जगात सर्वांत आधी रंगमंचावर उभी केली ती तेरेझे गीझे या म्युनिकच्या नटीने, वायगेलच्या बर्लिनमधील प्रयोगाच्या जवळजवळ आठ वर्षे आधी, आणि तीही परक्या देशात निर्वासित म्हणून राहत असताना. आमच्याकडे नागपुरात नाटक करणाऱ्या मंडळींत ब्रेख्तविषयी बरेच बोलले जाते, परंतु गीझेचे नाव क्वचितच निघते. मला मात्र गेली काही वर्षे या बाईने अक्षरशः झपाटून टाकले आहे. ज्या भूमिका इतर नट्यांच्या वाट्याला उतारवयात नाइलाजाने येतात, त्यांवरच तिने आपली सबंध कारकीर्द उभी केली, आणि त्यामुळे वय वाढत गेले तसतसे तिचे काम कमी न होता मोठेच होत गेले. हौशी रंगभूमीवर पन्नाशीच्या आसपास पोहोचलेल्या माझ्यासारख्या स्त्रीला ही गोष्ट किती जवळची वाटते, हे वेगळे सांगायला नको.

गीझेचा जन्म ६ मार्च १८९८ रोजी म्युनिकमधील एका ज्यू व्यापारी कुटुंबात झाला. घराण्याचे आडनाव गिफ्ट. 'गीझे' हे तिने रंगभूमीसाठी घेतलेले नाव. पहिले महायुद्ध संपत आले होते, त्या सुमारास तिने म्युनिकमध्येच अभिनयाचे धडे घ्यायला सुरुवात केली. देहयष्टी रुंद, चेहरा ठसठशीत पण रूढ अर्थाने सुंदर नव्हे, आणि आवाज खालच्या पट्टीतला. नायिकेच्या भूमिका अशा मुलीला मिळणार नाहीत, हे त्या काळच्या कोणत्याही नाट्यसंस्थेने पहिल्या भेटीतच सांगितले असते. ही उणीव झाकण्याच्या भानगडीत गीझे पडलीच नाही. झिगेन, ग्लायवित्स, लाण्डसहूट अशा लहान गावांच्या नाटकमंडळ्यांत आणि नंतर ब्रेसलाऊच्या रंगमंचावर तिने हाताला येईल ते काम केले, आणि विशीतच आया, सासवा, दुकानदारिणी, घरमालकिणी उभ्या करायला ती शिकली. लहान गावात प्रेक्षक तेच ते असतात आणि नाटके मात्र भराभर बदलावी लागतात, त्यामुळे नटाची तालीम प्रयोगातच होते. आमच्या विदर्भात झाडीपट्टीच्या रंगभूमीवर हंगामभर रात्र रात्र प्रयोग करणाऱ्या कलावंतांना हे शिक्षण कसे असते ते नेमके ठाऊक आहे.

१९२६ साली ती म्युनिकच्या 'कामरश्पीले' या नाट्यगृहात दाखल झाली. ओटो फाल्केनबेर्ग हे तेथील संचालक आणि दिग्दर्शक होते, आणि नव्या नाटककारांना जागा देणारे नाट्यगृह म्हणून जर्मनीत त्याची ख्याती होती. तेथील सात वर्षांत गीझे शहराची लाडकी नटी झाली. बायर्नच्या, म्हणजे म्युनिक ज्या प्रांतात आहे त्या बव्हेरियाच्या, बोलीचा ठसका तिच्या उच्चारांत होता, आणि प्रमाण भाषेतील संवादांतही तो तिने पुसून टाकला नाही. एका नाझी वृत्तपत्राने या 'ज्यूंनी भरलेल्या' रंगमंचावरील एकमेव अस्सल जर्मन नटी म्हणून तिचीच तारीफ केली, असा एक किस्सा तिच्याविषयी नेहमी सांगितला जातो. ती स्वतः ज्यू आहे, हे त्या स्तुतिपाठकाच्या गावीही नव्हते.

याच काळात तिची मैत्री कादंबरीकार थॉमस मान यांच्या मुलांशी, एरिका आणि क्लाउस यांच्याशी जमली. एरिकाशी तिचे नाते तर प्रेमाचेच होते. या तिघांनी आणि संगीतकार माग्नुस हेनिंग याने मिळून १ जानेवारी १९३३ रोजी म्युनिकमध्ये 'फेफरम्यूले', म्हणजे 'मिरपुडीची चक्की', या नावाचा एक राजकीय कॅबरे सुरू केला. येथे कॅबरे म्हणजे गाणी, लहान प्रवेश आणि टीकाटिप्पणी यांनी गुंफलेला कार्यक्रम. आपल्याकडच्या लोकनाट्यातील बतावणी ज्यांनी पाहिली आहे, त्यांना त्याची कल्पना सहज करता येईल. कार्यक्रम 'बोन्बोनिएर' नावाच्या छोट्या रंगगृहात होत असे, आणि हे रंगगृह होते थेट 'होफब्रॉयहाउस'च्या शेजारी. याच बिअरगृहात १९२० साली हिटलरने आपल्या पक्षाचा कार्यक्रम भरसभेत जाहीर केला होता. म्हणजे ज्या गल्लीत नाझींच्या घोषणा घुमल्या, त्याच गल्लीत भिंतीपलीकडे त्यांच्याविरुद्धची गाणी होऊ लागली. कार्यक्रम सुरू होऊन महिना उलटतो न उलटतो तोच, ३० जानेवारीला, हिटलर जर्मनीचा चान्सलर झाला.

या कॅबरेसाठी गीझेने उभ्या केलेल्या पात्रांत मला दोन फार महत्त्वाची वाटतात. एकात ती साक्षात 'मूर्खपणा' म्हणून प्रेक्षकांपुढे येत असे आणि मी कोणाच्या डोक्यात कशी शिरते, मोठमोठे लोक माझ्यावर कसे विसंबून असतात, हे गाऊन सांगत असे. दुसऱ्यात ती 'फ्राउ एक्स' नावाची सर्वसामान्य मध्यमवर्गीय बाई होती, जिला जगात काय चालले आहे त्याच्याशी काही देणेघेणे नाही. थोडे खोटे सगळेच बोलतात, थोडी लबाडी सगळेच करतात, मग आपणच काय तेवढे पाप केले, अशा विचाराने ती निवांत असते. एरिकाच्या या गाण्यांत हिटलरचे नाव घेतले जात नसे, कोणत्याही पुढाऱ्याचे घेतले जात नसे. सारा रोख असे तो समोर बसलेल्या सभ्य माणसावर. अशा बाईचे विडंबन करणे सोपे असते, कारण नट तिच्यापासून चार पावले दूर उभा राहतो आणि प्रेक्षकाला डोळा मारतो. गीझेने मात्र या बाईला आतून, तिच्या सगळ्या कोत्या समाधानासकट उभे केले, आणि म्हणून ती बाई प्रेक्षकाला आपल्या शेजारची वाटली. पुढे आठ वर्षांनी तिने 'मदर करेज' केली, तेव्हा ती 'फ्राउ एक्स'चीच थोरली बहीण होती असे मला वाटते. दोघीही युद्धाकडे केवळ आपल्या संसाराच्या खिडकीतून पाहतात.

मार्च १९३३ मध्ये बायर्नची सत्ताही नाझींच्या हाती गेली आणि काही दिवसांतच गीझेने म्युनिक सोडले. त्याच वर्षीच्या शरद ऋतूत झुरिकमधील 'हिर्शेन' या हॉटेलच्या सभागृहात 'फेफरम्यूले' पुन्हा उभी राहिली. तेथून पुढे स्वित्झर्लंड, हॉलंड, बेल्जियम, लक्झेंबर्ग, चेकोस्लोव्हाकिया असे फिरत या मंडळीने एक हजाराहून अधिक प्रयोग केले. हा प्रवास मुळीच सुखाचा नव्हता. नोव्हेंबर १९३४ मध्ये झुरिकमध्ये नाझींच्या स्थानिक अनुयायांनी प्रयोगात दंगल केली, पोलिसांच्या बंदोबस्तात खेळ करावे लागले, आणि पुढे परदेशी मंडळींच्या राजकीय कॅबरेवर तेथे निर्बंधही आले. १९३७ च्या आरंभी न्यूयॉर्कमध्ये केलेला प्रयत्न फसला. गाण्यांचे भाषांतर झाले होते, पण त्यांचा डंख अमेरिकन प्रेक्षकापर्यंत पोहोचला नाही, आणि मंडळी फुटली. एरिका अमेरिकेतच राहिली. गीझे युरोपात परतली. ज्या भाषेत आपला अभिनय आहे ती भाषा जेथे बोलली जाते, तेथेच नट जगू शकतो. जर्मन भाषेतील मुक्त रंगभूमी तोवर झुरिकसारख्या मोजक्याच ठिकाणी उरली होती.

मधल्या काळात, १९३६ साली, तिने जॉन हॅम्पसन या इंग्रज कादंबरीकाराशी इंग्लंडमध्ये विवाह केला. हा विवाह केवळ कागदोपत्री होता. हॅम्पसन स्वतः समलिंगी होता आणि तिला ब्रिटिश पासपोर्ट मिळावा, एवढाच त्यामागचा हेतू होता. जुळणी करून दिली ती कवी ऑडेनने, ज्याने आदल्याच वर्षी एरिका मानशी याच कारणासाठी लग्न केले होते. पासपोर्टअभावी त्या काळात किती माणसे हकनाक मारली गेली, हे लक्षात घेतले तर या दोन लेखकांनी केवढे मोठे काम केले ते कळते.

झुरिकचे 'शाउश्पीलहाउस' हे नाट्यगृह युद्धाच्या काळात निर्वासित नटांचे घर झाले होते. दिग्दर्शक लेओपोल्ट लिण्टबेर्ग, नेपथ्यकार टेओ ओटो, नट वोल्फगांग लांगहोफ, एर्न्स्ट गिन्सबेर्ग, कुर्ट होर्वित्स अशी एकाहून एक मंडळी तेथे एकत्र आली होती, आणि त्यांतील लांगहोफ तर नाझींची छळछावणी भोगून आला होता. शहर लहान, प्रेक्षक मर्यादित, त्यामुळे नवे नाटक सतत द्यावे लागे आणि तालमींना वेळ अपुरा पडे. सीमेपलीकडून जर्मन सैन्य कधीही आत येईल, ही भीती कायमची होती. ते आले असते तर या नाट्यगृहातील बहुतेकांची गत काय झाली असती, हे त्यांना पुरते ठाऊक होते.

अशा परिस्थितीत १९ एप्रिल १९४१ रोजी 'मदर करेज'चा जगातील पहिला प्रयोग झाला. ब्रेख्त स्वतः तेव्हा फिनलंडमध्ये, अमेरिकेच्या व्हिसाची वाट पाहत होता, आणि आपल्या नाटकाचा पहिला प्रयोग त्याला पाहता आला नाही. हिटलरचे सैन्य त्याच महिन्यात युगोस्लाव्हिया आणि ग्रीसवर चालून गेले होते. नाटक सतराव्या शतकातील तीस वर्षांच्या युद्धाचे. सैन्याच्या मागे मागे मालाची गाडी घेऊन फिरणारी, युद्धावर पोट भरणारी एक फेरीवाली, आणि त्याच युद्धात एकामागून एक जाणारी तिची तीन मुले. गीझे तेव्हा त्रेचाळीस वर्षांची होती. प्रयोग गाजला. प्रेक्षक हेलावून गेले आणि वृत्तपत्रांनी या बाईत अपार सोसणारी, सगळ्या संकटांतून तगून राहणारी माता पाहिली.

ब्रेख्तला नेमके हेच खटकले. आपली फेरीवाली युद्धातून काहीच शिकत नाही, तिच्या व्यापारी वृत्तीनेच तिची मुले गिळली, हे प्रेक्षकाला दिसावे असे त्याला वाटत होते. तो करुणेत वाहून जावा, हे त्याला नको होते. म्हणून त्याने पुढे संहितेत बदल केले. पहिल्या प्रवेशात थोरला मुलगा लष्करात ओढला जातो, त्या क्षणी आई पट्ट्याच्या बकलाचा सौदा करण्यात गुंतलेली आहे, हे त्याने ठळक केले. पाचव्या प्रवेशात जखमींच्या मलमपट्टीसाठी किमती सदरे फाडण्याचा प्रसंग आहे. मूळ संहितेत आई कुरकुरत का होईना सदरे देत होती. नव्या संहितेत ती साफ नकार देते आणि ते तिच्याकडून हिसकावून घ्यावे लागतात. एका नटीच्या अभिनयाने प्रेक्षक रडले आणि त्यामुळे नाटककाराला आपले नाटक दुरुस्त करावे लागले, असे रंगभूमीच्या इतिहासात फारसे घडलेले नाही.

अनेक पुस्तकांत हा प्रसंग अशा रीतीने मांडलेला असतो की जणू गीझे भावनेच्या आहारी गेली आणि वायगेलने पुढे ती चूक सुधारली. मला हे मुळीच मान्य नाही. गीझेचा अभिनय मुळातच कोरडा, नेमका आणि अश्रूंना दूर ठेवणारा होता. तिच्या आवाजाचे ध्वनिमुद्रण ऐकले तरी ते कळते. ब्रेख्तच्या कविता ती वाचते तेव्हा एकाही ओळीवर ती रेंगाळत नाही. मग प्रेक्षक का रडले? ज्या शहरातून रात्री सीमेपलीकडचे युद्ध जाणवत होते, त्या शहरात मुले गमावणारी बाई पाहून कोणीही रडले असते. आणि नट स्वतः रडत नाही, तेव्हाच प्रेक्षकाला रडायला जागा मिळते, ही गोष्ट तर आपल्याकडची जुनी जाणती मंडळी नेहमीच सांगत आली आहेत.

याचा अनुभव मी स्वतः घेतला आहे. आमच्या धरमपेठेतील गटाने या नाटकातील काही प्रवेशांचे अभिवाचन करायचे ठरवले. मराठी मजकूर आम्हीच आपापसांत बसून तयार केला. तालमी एका शाळेच्या सभागृहात, ऐन उन्हाळ्यात चालत. कूलरच्या घरघरीत संवाद ऐकू येत नसत, म्हणून तो बंद ठेवावा लागे आणि सगळ्यांचे कपडे घामाने चिंब होत. शेवटच्या प्रवेशाचे वाचन माझ्याकडे होते. त्याआधीच्या प्रवेशात फेरीवालीची मुकी मुलगी कात्रिन छपरावर चढून ढोल वाजवते, झोपलेल्या शहराला जागे करते आणि गोळी लागून मरते. शेवटच्या प्रवेशात आई तिच्या प्रेताशेजारी बसून अंगाईगीत म्हणते, मग पुरायला पैसे मोजून शेतकऱ्यांच्या हातावर ठेवते आणि एकटीच गाडीला जुंपून घेऊन सैन्याच्या मागे निघते. मी त्या दिवशी ठरवून सगळे सपाट वाचले. अंगाई तर मूल खरोखरच झोपले आहे आणि आपल्याला अजून भांडी घासायची आहेत, अशा सुरात म्हटली. पैसे मोजण्याच्या जागी मात्र वेळ घेतला, बोटांनी एकेक नाणे चाचपावे तसा. वाचन संपल्यावर कात्रिनचे काम करणारी, महाविद्यालयात शिकणारी मुलगी डोळे पुसत म्हणाली, "ताई, तुम्ही तं जराही रडून नाही राहिल्या, मंग मलेच काहून रडू येऊन राहिलं?" आमच्या दिग्दर्शकांनी शांतपणे सांगितले, "त्या रडल्या असत्या तर तुले रडाची गरजच नसती पडली, बाई."

गीझेचा स्वतःचा पुढचा प्रवासही माझ्या या मताला दुजोरा देतो. युद्ध संपल्यावर ब्रेख्त युरोपात परतला, तेव्हा १९४८ साली झुरिकमध्ये त्याच्या 'पुंटिला' नाटकाच्या पहिल्या प्रयोगात गीझे होती. पूर्व बर्लिनमध्ये त्याने 'बर्लिनर आन्साम्बल' ही नाटकमंडळी उभी केली, तेव्हा पहिल्याच हंगामात गॉर्कीच्या 'वासा झेलेझ्नोवा' नाटकातील मुख्य भूमिका त्याने तिला दिली. आणि १९५० च्या ऑक्टोबरात त्याने स्वतः म्युनिकच्या कामरश्पीलेमध्ये 'मदर करेज' बसवले, ते तिलाच घेऊन. तोवर वायगेलच्या प्रयोगाचा आराखडा छायाचित्रांसकट सिद्ध झालेला होता आणि गीझेला त्या आराखड्यात राहून काम करायचे होते. ज्या भूमिकेची आपण जन्मदात्री आहोत, ती दुसऱ्या नटीच्या नकाशावरून पुन्हा शिकायची, हे सोपे नाही. मोठ्या नटांचे अहंकार अशा वेळी आडवे येतात. तिने ते काम केले, बदललेली संहिता आपलीशी केली आणि त्यात स्वतःची भर घातली. तिच्या अभिनयातील करुणा हा ब्रेख्तला दोष वाटला असता, तर त्याने तिच्याकडे पुन्हा ही भूमिका सोपवलीच नसती.

युद्धानंतर ती मुख्यतः म्युनिक आणि झुरिक या दोन शहरांच्या रंगभूमीवर वावरली. ज्या शहराने आपल्याला हाकलले, त्याच शहराच्या त्याच नाट्यगृहात, म्हणजे कामरश्पीलेमध्ये, ती परतली आणि अखेरपर्यंत त्या मंडळीशी जोडलेली राहिली.

तिच्या आयुष्यातील दुसरे मोठे पर्व फ्रीडरिश ड्युरेनमाट या स्विस नाटककाराचे आहे. २९ जानेवारी १९५६ रोजी झुरिकमध्ये 'द व्हिजिट' या नाटकाचा पहिला प्रयोग झाला आणि त्यात अब्जाधीश क्लेअर झाखानासियानची भूमिका गीझेने केली. कंगाल झालेल्या गावात त्याच गावची, कधी काळी तेथून हाकलली गेलेली म्हातारी परत येते. एक पाय कृत्रिम, एक हात हस्तिदंती. सामानात काळा बिबट्या आणि एक रिकामी शवपेटी. ती गावाला शंभर कोटी देऊ करते, अट एकच : तरुणपणी तिला फसवणारा, खोटे साक्षीदार उभे करून तिच्या पोटातील मूल नाकारणारा दुकानदार इल याला कोणीतरी मारावे. गाव संतापून नकार देते. क्लेअर म्हणते, मी थांबते. आणि सबंध दुसऱ्या अंकात ती हॉटेलच्या सज्जात नुसती बसून राहते, तर खाली गावकरी उधारीवर नवे पिवळे बूट विकत घेऊ लागतात.

नटीच्या दृष्टीने या भूमिकेत काय आहे ते पाहण्यासारखे आहे. क्लेअरला कोणाची सहानुभूती मिळवायची नाही, ओरडायचे नाही, सूडाची भाषणे ठोकायची नाहीत. तिला वाट पाहायची आहे, आणि तिच्या त्या वाट पाहण्यामुळेच गाव सडत जाते. रंगमंचाच्या वरच्या बाजूला जवळजवळ निश्चल बसून खालच्या सगळ्या हालचालींवर सत्ता गाजवणे हे तिशीतल्या नटीचे काम नव्हे. त्यासाठी शरीराला एक वजन लागते, आवाजात घाई नसावी लागते, आणि आपण आवडावे ही इच्छा पार गळून गेलेली असावी लागते. गीझेत ही इच्छा बहुधा कधी नव्हतीच. पुढे ही भूमिका जगभरच्या अनेक देखण्या नट्यांनी केली आणि क्लेअरला एक प्रकारचे वैभव आले. पण पहिल्या क्लेअरपाशी होते ते एका खेडवळ बाईचे, अपमान न विसरणारे, जमिनीत रुतलेले बळ, आणि नाटकाला नेमके तेच हवे आहे असे मला वाटते.

येथे मला आमच्या रंगभूमीविषयी थोडे बोलायचे आहे. ब्रेख्त मराठीत आला तो मोठ्या थाटात आला. पु. ल. देशपांड्यांचा 'तीन पैशाचा तमाशा' आणि विजया मेहतांनी जर्मन दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ यांच्यासह उभे केलेले, खानोलकरांचे 'अजब न्याय वर्तुळाचा' यांनी आपल्या लोकपरंपरेला त्याच्याशी जोडून दिले. पण पन्नाशीपुढच्या स्त्रीच्या हाती सबंध नाटक सोपवण्याची सवय मात्र आपल्याला त्यामुळे लागली नाही. राज्य नाट्य स्पर्धेच्या नागपूर केंद्रावर सायंटिफिक सभागृहात दरवर्षी नाटके पाहताना मी या गोष्टीकडे मुद्दाम लक्ष देते. प्रौढ स्त्री असते ती बहुतेक वेळा कोणाची तरी आई. ती चहा आणते, काळजी करते, शेवटी एक हुंदका देते. आमच्या नागपूरच्याच महेश एलकुंचवारांच्या 'वाडा चिरेबंदी'ने यापेक्षा वेगळे काही करून दाखवले, ही अभिमानाची गोष्ट आहे. त्यातील आई आणि वारंवार वेळ विचारणारी दादी या दोघी त्या घराचा सगळा काळ आपल्या अंगावर बाळगून असतात. पण अशी उदाहरणे शोधावी लागतात, आणि म्हणूनच नाटककार आणि नटी यांची गाठ पडली तर काय होऊ शकते, हे ड्युरेनमाट आणि गीझे यांच्याकडून शिकण्यासारखे आहे.

कारण 'द फिजिसिस्ट्स' या त्याच्या पुढच्या गाजलेल्या नाटकात वेड्यांच्या इस्पितळाचे प्रमुखपद आधी पुरुष पात्राकडे होते. गीझेसाठी ड्युरेनमाटने ते पात्र स्त्रीचे केले. २१ फेब्रुवारी १९६२ रोजी झुरिकमध्ये पहिला प्रयोग झाला, तेव्हा कुबड असलेली, सौजन्याने बोलणारी आणि शेवटी सबंध जगाचा नाश आपल्या मुठीत घेणारी डॉक्टर माथिल्डे फॉन झाण्ड म्हणून गीझे उभी होती, आणि ते नाटक नाटककाराने तिलाच अर्पण केले. चौसष्टाव्या वर्षी एखाद्या नटीसाठी नव्या नाटकातील खलनायकाचे लिंग बदलले जावे, याहून मोठा सन्मान मला तरी सुचत नाही.

त्यानंतरही ती थांबली नाही. १९७० साली पश्चिम बर्लिनमध्ये तरुण दिग्दर्शक पेटर श्टाइन आणि त्याचे सहकारी यांनी 'शाउब्यूने' या नाट्यगृहाची नवी सुरुवात ब्रेख्तच्या 'आई' या नाटकाने केली, तेव्हा पेलागेया व्लासोव्हाच्या भूमिकेसाठी त्यांनी गीझेला बोलावले. हे तरुण सगळे निर्णय चर्चा करून, एकत्र घेत. दिग्दर्शकाचा शब्द अंतिम नसे. त्यांच्या आजीच्या वयाची, ब्रेख्तबरोबर प्रत्यक्ष काम केलेली बहात्तर वर्षांची नटी त्यांच्या त्या चर्चांत जाऊन बसली. निरक्षर मजूर बाई हळूहळू वाचायला शिकते आणि क्रांतीच्या कामात उतरते, ही त्या नाटकाची गोष्ट आहे. म्हातारपणी नव्याने शिकणाऱ्या बाईची भूमिका तशाच बाईला मिळाली. तो प्रयोग पश्चिम बर्लिनच्या राजकारणात वादळ उठवून गेला.

चित्रपटांविषयी थोडक्यात सांगते, कारण तिचे खरे क्षेत्र ते नव्हते. लिण्टबेर्गच्या, निर्वासितांवरील 'द लास्ट चान्स' या १९४५ च्या चित्रपटात ती आहे, आणि १९५८ च्या 'मेडशेन इन युनिफॉर्म'मध्ये रोमी श्नायडरच्या कडक मुख्याध्यापिकेचे कामही तिने केले आहे. पण वाचकांनी एकच पाहायचा असेल तर लुई मालचा 'लाकोंब, ल्युसियाँ' पाहावा. १९७४ साली आलेल्या या चित्रपटात ती एका लपून राहिलेल्या ज्यू शिंप्याची आई आहे. गेस्टापो या नाझी गुप्त पोलीसदलासाठी काम करणारा खेडवळ पोर त्यांच्या घरात घुसतो, बसतो, जेवतो, नातीवर डोळा ठेवतो. आणि ही म्हातारी पत्ते मांडून एकटीच खेळत राहते. तिला संवाद जवळजवळ नाहीतच. ती त्या पोराकडे पाहते आणि पुन्हा पत्त्यांकडे वळते. त्या नजरेत भीती नाही, तुच्छताही नाही. हा माणूस कोण आहे ते मी ओळखले आहे, एवढेच आहे. १९३३ साली म्युनिक सोडलेल्या बाईला ही नजर कमवायला चाळीस वर्षे लागली होती. पुढच्याच वर्षी मालने तिला 'ब्लॅक मून'मध्ये पलंगावर पडून असलेल्या विचित्र म्हातारीची भूमिका दिली. तो चित्रपट प्रदर्शित होण्याआधीच, ३ मार्च १९७५ रोजी, सत्त्याहत्तरावा वाढदिवस तीन दिवसांवर असताना, म्युनिकमध्ये तिचे निधन झाले. मालने चित्रपट तिच्या स्मृतीला अर्पण केला. तिच्या इच्छेनुसार तिला म्युनिकमध्ये न पुरता झुरिकच्या फ्लुंटर्न दफनभूमीत पुरले आहे.

आमच्या गटाने यंदाच्या पावसाळ्यात 'द व्हिजिट'चे वाचन घ्यायचे ठरवले आहे. गाव विदर्भातले करावे की मूळचेच ठेवावे, यावर अजून एकमत झालेले नाही. मी मूळचे ठेवण्याच्या बाजूची आहे, कारण पिवळे बूट आणि उधारी कोणत्याही गावात समजतात. क्लेअरचे काम तरुण मुलीला पांढरे केस लावून द्यावे, अशी सूचना एका सभासदाने केली होती. ती मात्र आम्ही एकमताने फेटाळली. गटात साठी ओलांडलेल्या, बँकेतून निवृत्त झालेल्या एक बाई आहेत. त्यांनी आजवर फक्त आयांची आणि आज्यांची कामे केली आहेत आणि त्यांचा आवाज गीझेसारखाच खालच्या पट्टीतला आहे. संहितेची प्रत त्यांच्याकडे दिली आहे.